कमानीवरच्या तेरा पट्ट्या

हमीद, पंधरा दिवसांत तू मला दोन धक्के दिलेस. पहिला तू गेलास त्याचा. तो सगळ्या गावाला बसला. दुसरा मात्र तू माझ्या एकट्यासाठी ठेवून गेलास, तुझ्या गाळ्यात, मागच्या फळीवर, बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात. पहिल्या धक्क्याला मी रडलो. दुसऱ्याचं काय करायचं ते अजून नीट कळलेलं नाही, म्हणून लिहायला बसलोय.

मेलेल्या माणसाशी बोलायची सवय माझी नाही, तुझी होती. गावात कुणी गेलं की दहाव्याच्या आत त्याचा फोटो तुझ्या गाळ्यात यायचा. तू चौकट करायचास, काच बसवायचास, खाली पांढऱ्या रंगानं नाव लिहायचास आणि शेवटचा हात फिरवताना फोटोला सांगायचास, "चला काका, झालं. आता घरी जावा." मी हसायचो. तू म्हणायचास, "हस बे. ह्यांच्यासंगं कुणी तरी साधं बोलाय पायजे का न्हाई? घरचे तर नुसते रडत्यात." आणि आता तुझाच फोटो कुठल्या भिंतीवर नाही. तुमच्यात लावत नाहीत. त्यामुळे कागदाशी बोलतोय.

त्या गुरुवारी दुपारी सलीमचा फोन आला. तुझा पोरगा एरवी कधी फोन करत नाही. "चाचा, अब्बा पडले. लवकर या." मी स्कूटरला किक मारली ती चपलेविना. तू काच कापायच्या टेबलावर होतास, त्याच जुन्या घोंगडीवर जिच्यावर काच ठेवून कापायचास. तिच्यात काचेचे कण असतात म्हणून मला कधी हात टेकू द्यायचा नाहीस, आणि स्वतः तिच्यावर पाठ टेकून पडला होतास. उजव्या हातात काच कापायचा हिरा तसाच होता. टेबलाच्या कडेला एका काचेवर रेघ ओढलेली होती, निम्म्यापर्यंत. डॉक्टर म्हणाले, गेले. मी म्हणालो, पुन्हा बघा. त्यांनी पुन्हा बघितलं. मी तिसऱ्यांदा सांगितलं तेव्हा सलीमनं माझा दंड धरला.

तुला माती दिली त्या दिवशी पाऊस होता. मी तीन मुठी टाकल्या. काळी माती हाताला चिकटली ती घरी येऊन तासभर निघेना. मी बसून राहिलो आणि तुझ्यावर चिडलो, की आदल्या संध्याकाळी तर घरी आला होतास, पेढा खाल्लास, काही दुखतंय म्हणाला नाहीस. आता कळतंय, दुखत होतं. वेगळंच काही.

तुझ्या घरातले सोडले तर आपल्या कापूसगंजाइतकं तुझं कुणावर प्रेम नव्हतं. वाचणाऱ्यांना तो ठाऊक नसेल, म्हणून सांगतो. तालुक्याच्या ह्या गावात निजामाच्या काळी कापसाच्या बाजारासाठी बांधलेली ही दुमजली इमारत. मधे फरसबंद चौक, चारी बाजूंनी बावीस गाळे. खालचा मजला काळ्या दगडाचा, वरचा विटांचा, सगळा चुन्यात. रस्त्याकडून आत यायला एकच मोठी कमान, एवढी उंच की कापसानं भरलेली बैलगाडी वरच्या गाठोड्यासकट आत शिरावी. कमानीच्या पोटात मधोमध लोखंडी कडी आहे, तिला पूर्वी मोठा काटा टांगलेला असायचा. गाडी कमानीखाली थांबली की वजन तिथंच. मागच्या अंगाला चुना मळायच्या घाणीचा दगडी गोल आहे. आपण शाळेत असताना त्या गोलात पळायचो आणि तू नेहमी उलट्या दिशेनं पळून मला आडवा यायचास.

कापूस केव्हाच संपला. आता तेलगावकडच्या कापसाच्या गाड्या गावाबाहेरून थेट जिनिंगला जातात. गंजात राहिले दोरवाले, भांडीवाले, एक शिंपी, दोन किराणा, कमानीला लागून, उजव्या अंगाला, तू, आणि कमानीच्या बरोब्बर खाली, डाव्या अंगाला, केरसुण्या विकणारी केशरबाई. तिची सासूही तिथंच बसायची. ऊन नाही, पाऊस नाही, आणि येणारा-जाणारा प्रत्येक माणूस समोरून जाणार. पाटोद्याच्या बाजूची माणसं बाजाराला आली की तिच्याकडं पिशव्या ठेवून गावात फिरतात.

आपलं भांडण त्या कमानीवरूनच. तिचा डावा खांब उजव्यापेक्षा हातभर रुंद आहे. मी म्हणायचो, गवंड्याची चूक. तू म्हणायचास, "चूक न्हाई. डाव्या खांबाखाली जुना आड हाय, बुजवलेला. जमीन पोकळ म्हणून खांब रुंद घेतला. माझा पणजा ह्या कामावर होता." मी पुरावा मागायचो. तू म्हणायचास, "अबे इंजिनेर, तू पाटबंधाऱ्याचा माणूस. जन्मभर पाणी वाहून न्यायलास. तुला कमानीचं काय कळतंय?" हे भांडण चाळीस वर्षं चाललं. चहावरचे बाकीचे विषय संपले की आपण त्याच्यावर यायचो. मला ते संपवायचंही नव्हतं.

आणि मग चार वर्षांपूर्वी नगरपालिकेच्या कार्यालयाची नोटीस आली. कमानीच्या डाव्या खांद्यावर भेग, इमारत धोकादायक, रिकामी करा. चौकात सगळे गाळेवाले जमले. मी निवृत्त होऊन घरी बसलेलो, तू मला हाताला धरून आणलंस आणि सगळ्यांसमोर उभं केलंस. मी भेग बघितली आणि म्हणालो, भेग असणं वेगळं आणि भेग हलणं वेगळं. भेगेवर आडवी काचेची पट्टी बसवायची, दोन्ही टोकं पक्की. भिंत हलली की काच तुटते. न तुटली तर भेग जुनी, मेलेली. कार्यालयातल्या साहेबांनी ते मान्य केलं. दर महिन्याला मी पाहणी करायची, नोंदवहीत लिहायचं, चार वर्षांनी अहवाल द्यायचा, तोवर पाडापाडी थांबली.

तुला ती कल्पना इतकी आवडली की पट्टी तू त्याच दिवशी कापलीस. बोटभर रुंद, वीतभर लांब, कडा घासून. "हा आपला गवाह," म्हणालास. शिडी तुझी, चढलाही तूच. माझे गुडघे तेव्हाच गेलेले. मी तांबडा रंग आणि बारीक ब्रश घेऊन पट्टीवर खालीच तारीख घातली, सही केली आणि तुझ्या हातात दिली.

इथपर्यंत सगळं ठीक होतं. पण मी गप्प बसणारा माणूस नाही. चौकात एवढी माणसं माझ्याकडं बघतायत म्हटल्यावर मला चेव आला. मी मोठ्यानं म्हणालो, "चार वर्षांत एक जरी पट्टी तुटली, तर पाडा म्हणून मीच लिहून देईन. माझा शब्द आहे."

तू शिडीवरून खाली बघितलंस. "एवढी घाई कावून बे?" एवढंच म्हणालास. मला वाटलं, शिडी हलतेय म्हणून म्हणालास.

चार वर्षं दर एक तारखेला मी आलो. कमानीखाली उभा राहायचो, चष्मा पुसायचो, वर बघायचो. पट्टी अख्खी, तारीख माझी, सही माझी. वहीत लिहायचो, "अखंड." तू चहा मागवायचास. केशरबाई विचारायची, "काय म्हणतीया काच?" मी म्हणायचो, "काही म्हणत नाही. तेच चांगलं." माझ्या घरात मी एवढा खुशीत कधी नसायचो जेवढा त्या एक तारखेला. निवृत्त माणसाला महिन्यातनं एकदा कुणी तरी वाट बघतंय, हे फार असतं. ते तू मला दिलंस, आणि त्याबद्दल मी तुझा ऋणी आहे. हे आधीच लिहून ठेवतो, कारण पुढे रागात राहून जाईल.

तुझ्या तिसऱ्या दिवसाच्या जियारतीनंतर पाचव्या दिवशी सलीमनं बोलावलं. गाळा आवरायला काढला होता. "चाचा, हे बगा. अब्बाच्या अक्षरात हाय, पण मला काय कळंना." बिस्किटांचा डबा. आत फोटोच्या पाठीला लावतात त्या खाकी कागदाच्या पुड्या, एकावर एक, नीट. मी पहिली उघडली. तुटलेली काचेची पट्टी. तिच्यावर तांबड्या रंगात माझी तारीख, माझी सही. दुसरी उघडली. तीच तारीख, तीच सही. तिसरीवर तीच.

तेरा पुड्या होत्या, हमीद. तेरा तुटलेल्या पट्ट्या, आणि तेराही पट्ट्यांवर माझी सही. मी तर एकच केली होती.

मी टेबलावरच टेकलो. घोंगडीवरच बसलो, कण टोचले तरी उठलो नाही. मेलेल्या माणसांची नावं लिहून लिहून तुझा हात इतका बसलेला की माझी सही माझ्यापेक्षा तुलाच बरी जमली होती. पट्टी तुटायची. तू शिडी लावून ती काढायचास, नवी कापायचास, तारीख-सही घालायचास, बसवायचास. एक तारखेला मी यायचो, चष्मा पुसायचो आणि तुझी सही बघून माझ्या वहीत "अखंड" लिहायचो. वरून तू मला चहा पाजायचास.

ज्याच्या तोंडात तीळ भिजत नाही असा माणूस तू. शिंप्याच्या पोरीचं लग्न ठरलं तर शिंप्याच्या आधी गावाला तुझ्याकडून कळायचं. आणि हे तू चार वर्षं पोटात ठेवलंस? मला सलीमच्या तोंडाकडं बघवेना. मी त्याला एकच विचारलं, "तुला माहीत होतं?" तो म्हणाला, "आईच्यान न्हाई चाचा. शिडी लावताना बगितलतं एक-दोनदा. म्हणलं, जाळी काढत असतील."

तू खोटारडा निघालास असं मी त्या दुपारी मनातल्या मनात किती वेळा म्हणालो, ते तुला सांगत नाही. मी नुसता फसलो असतो तर चाललं असतं. पण खाली केशरबाई बसते. सकाळ-संध्याकाळ शाळेची पोरं कमानीतून जातात. त्या सगळ्यांना मी सांगितलं होतं, कमान हलत नाही.

मग मी पुड्यांवरचं लिहिलेलं वाचायला घेतलं. तू प्रत्येक पुडीवर लिहून ठेवलं होतंस. महिना, आठवडा, आणि कशी तुटली ते. "मार्च. मधोमध. तुकडे बरोबर जुळतात." "एप्रिल अखेर. मधोमध." "फेब्रुवारी. जरा फट पडली, पावसाळ्यात परत मिटली." मी एकेक करून टेबलावर मांडत गेलो. पहिल्या बाराही उन्हाळ्याच्या अल्याड-पल्याडच्या. एकही पावसाळ्यातली नाही.

आणि तिथं माझ्या डोक्यात प्रकाश पडला, आणि पडल्यावर मला आणखीच वाईट वाटलं. आपली काळी माती, हमीद. उन्हाळ्यात आकसते, रानात पाय जाईल एवढ्या भेगा पडतात. पावसाळ्यात फुगते. तिच्यावरची इमारत दर वर्षी थोडी उघडते, थोडी मिटते. एवढी जुनी इमारत असंच करत आली असणार, आणि उभी राहिली असणार. मी जन्मभर ह्याच मातीतून पाट काढले. हे मला कळायला पाच मिनिटं लागली असती. तू पहिली तुटलेली पट्टी घेऊन आला असतास तर मी तुला हे सांगितलं असतं, साहेबांना लिहून दिलं असतं, आणि काही लपवायची गरजच पडली नसती.

असं मी स्वतःला एक दिवस सांगितलं. मग दुसऱ्या दिवशी स्वतःला खरं विचारलं. पहिली पट्टी तुटली असती तर मी खरंच एवढा शहाणपणानं वागलो असतो का? भर चौकात शब्द देऊन बसलेला माणूस मी. मी तुला ओळखतो तसा तू मला ओळखायचास. तुला वाटलं असणार, हा गाढव आता शब्दाला जागायचं म्हणून पाडा असंच लिहून देईल. आणि हमीद, मी दिलं असतं. तुझी चोरी माझ्या बढाईतून निघाली, हे मला मान्य करायला दोन दिवस लागले. पण तुझी चोरी ती चोरीच.

तेराव्या पुडीवरचं मी त्याच दुपारी, सगळ्यात शेवटी वाचलं. ह्या ऑगस्टची. अक्षर गिचमिड, तुझं नसल्यासारखं. "पावसात तुटली. पावसात कधी तुटत नाही. डावा तुकडा खाली सरकला. नखभर." त्याच्या खाली एक ओळ, आणि ती खोडलेली. मी उजेडाला धरून बघितली, वाचता आली नाही.

तुकडे आडवे फाकले म्हणजे माती आकसली. खाली सरकणं म्हणजे खांब बसतोय. एवढा फरक तुला कुणी शिकवला नव्हता, पण तुझ्या लक्षात आला. म्हणून तू बुधवारी संध्याकाळी माझ्या घरी आलास.

ती संध्याकाळ मी आता रोज बघतो. माझा अहवाल मंजूर झाल्याचं पत्र त्याच दिवशी आलं होतं. "चार वर्षे निरीक्षणाअंती भेग स्थिर." मी दारातच तुला पेढा दिला. पत्र वाचून दाखवलं, आणि तुझी तंद्री लागलेली बघून परत वाचून दाखवलं. तू अर्धा पेढा खाल्लास, अर्धा हातात धरून बसलास. मग म्हणालास, "इंजिनेर, समज एखादी पट्टी तुटली असती तर काय केलं असतंस?"

मी म्हणालो, "तुटली नाही ना? मग झालं की."

"न्हाई, समज."

"अरे, आता कशाला अशुभ बोलतोस? झाकली मूठ सव्वा लाखाची. अहवाल गेला, मंजूर झाला."

तू "हां" म्हणालास. जाताना उंबऱ्यात थांबलास. मी विचारलं, "काही काम होतं का?" तू म्हणालास, "काय न्हाई. असंच आलतो." मी टीव्ही लावला.

ती अर्ध्या पेढ्याची गोष्ट मी कुणाला सांगितली नाही. तुझ्या गाळ्यात तुझ्या सदऱ्याच्या खिशात तो निघाला, कागदात गुंडाळलेला. सलीमला वाटलं, दर्ग्यातला प्रसाद असेल.

डबा सापडला त्याच दिवशी मी तुझी शिडी लावली. सलीम म्हणाला, मी चढतो. मी म्हणालो, नाही. चार वर्षांत पहिल्यांदा मी त्या भेगेपाशी गेलो. सात पायऱ्या चढायला किती वेळ लागला विचारू नकोस. वर चौदावी पट्टी होती, तू मरायच्या थोडेच दिवस आधी बसवलेली. खालून अख्खी दिसत होती. जवळून बघितली तर केसाएवढा तडा गेलेला, आणि डावी बाजू खाली. मी बोट लावलं तर दोन्ही कडा बोटाला लागल्या.

मी खाली उतरलो आणि केशरबाईला म्हणालो, मावशी, उठा इथून. आत्ता.

ती हातातली केरसुणी बांधत होती, थांबलीसुद्धा नाही. "कावून? तुमीच तर म्हणलता, कमान हलत न्हाई."

मी सलीमला डबा आणायला लावला. आजूबाजूचे गाळेवाले जमले. मी डबा उघडून चौकातल्या ओट्यावर तेरा पट्ट्या मांडल्या आणि जे होतं ते सांगितलं. माझं आधी, मग तुझं. सलीम माझ्या शेजारी उभा होता, मान खाली घालून. दोरवाला म्हणाला, "हमीदभाईनं आपल्याला मारायचंच ठरवलतं म्हणा की." सलीमनं गाळ्यात जाऊन तुझं टेबल एकट्यानं ओढत बाहेर काढलं, घोंगडीसकट, आणि कमानीपासून लांब, घाणीच्या गोलापाशी नेऊन ठेवलं. तिथून तो केशरबाईला म्हणाला, "मावशी, माझा गाळा रिकामा केलाय. आता तुमी उठा." ती उठली. शिव्या देत उठली, मला आणि तुला दोघांनाही, पण उठली.

दुसऱ्या दिवशी कमानीखाली लाकडी बल्ल्यांचे टेकू द्यायला गवंडी आला. डाव्या खांबाच्या बुडाशी फरशी उचलून बल्लीला बूड करायचं होतं. त्यानं पहार मारली. मला वाटलं होतं ठण्ण वाजेल, दगड लागेल. पहार आवाज न करता आत गेली. हातभर गेली, मग मुठीपर्यंत गेली. गवंड्यानं ती वर ओढली तर टोकाला ओला चिखल. मागच्या गल्लीचं पावसाचं पाणी हल्ली इकडंच मुरतंय. तो म्हणाला, "साहेब, खाली आड हाय की हो."

मी मागे वळलो. हमीद, मी खरोखर मागे वळलो, तुझ्या गाळ्याकडं, "हरलो बे" म्हणायला. चाळीस वर्षांचं भांडण, आणि ते संपलं तेव्हा तू ऐकायला नाहीस. तुझ्या गाळ्याला फळ्या लावलेल्या होत्या. गवंडी विचारत होता, साहेब, पहार कुठं मारू? मी म्हणालो, "थांब जरा." आणि तसाच उभा राहिलो.

कार्यालयात द्यायला नवं पत्र लिहायला बसलो तेव्हा सलीमला बोलावून घेतलं. म्हणालो, तुझ्या बापाचं नाव वगळता येईल. माझी पाहणी चुकली, एवढंच लिहितो. त्यानं डबा माझ्यापुढं सरकवला. मग म्हणाला, "लिवा चाचा. लपवायच्याच असत्या तर अब्बानं त्या फेकल्या असत्या. एवढ्या जपून ठिवल्यात म्हंजी कुणी तरी वाचाव्यात म्हणूनच ठिवल्यात." तुझं पोरगं तुझ्यापेक्षा धीट आहे.

मी लिहिलं. माझी अठ्ठेचाळीस महिन्यांची "अखंड" चुकीची, कारण मी एकदाही वर चढलो नाही. पट्ट्या बदलल्या गेल्या, कुणी बदलल्या ते. आणि खऱ्या नोंदी, कोणत्या महिन्यात भेग उघडली, कधी मिटली, कधी खांब खाली सरकला, त्या कुणी ठेवल्या तेही. दोन्ही ठिकाणी एकच नाव आहे. इमारत पाडू नका, डाव्या खांबाखालचा आड भरून काढा आणि मागचं पाणी वळवा, असं मी शेवटी मागितलंय. देतील की नाही, माहीत नाही. ह्या वेळी कुणाला शब्द दिलेला नाही.

परवा मी पंधरावी पट्टी कापली. तुझाच हिरा, तुझंच टेबल. रेघ ओढताना एक कड वाकडी आली. घासून घेतली तरी वाकडीच राहिली. तारीख घातली, सही केली. सही तुझ्याइतकी चांगली आली नाही. सलीमनं शिडी धरली, मी चढलो आणि बसवली. आता एक तारखेची वाट बघत नाही. रोज सकाळी चढतो. गुडघे बोंबलतात, बोंबलू देत.

कमानीला टेकू लागल्यापासून केशरबाई तुझ्या गाळ्यात बसते. माझ्याशी अजून नीट बोलत नाही. पण मी शिडीवरून उतरलो की केरसुणी बांधता बांधता विचारते.

"तुटली का?"

"अजून नाही."

"तुटली तर सांगताल का?"

"सांगीन."

मग ती पुन्हा मान खाली घालते आणि मी शिडी उचलून तुझ्या गाळ्यात, आत, मागच्या फळीखाली लावून ठेवतो.